गुण्य आणि गुणक : प्राणांतिक रस्ते अपघातांतील नुकसानभरपाईची आकारणी

भारतात २०२२ या एका वर्षात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे मृत्युमुखी पडल्याची नोंद केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालात आहे आणि त्यांपैकी १५ हजारांहून अधिक मृत्यू एकट्या महाराष्ट्रातील आहेत. अशा प्रत्येक मृत्यूनंतर कायद्याच्या दोन वाटा सुरू होतात. पहिली चालकाच्या गुन्ह्याची चौकशी करणारी फौजदारी वाट, आणि दुसरी, गेलेल्या माणसाच्या मिळकतीवर जगणाऱ्यांचे किती नुकसान झाले ते रुपयांत ठरवून ते वाहनमालकाकडून आणि त्याच्या वतीने विमा कंपनीकडून वसूल करणारी. पहिल्या वाटेची चर्चा वर्तमानपत्रांतून होते. दुसरी मात्र जिल्हा न्यायालयाच्या आवारात मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे वर्षानुवर्षे शांतपणे चालते. तिथे लागू होणारे गणित ठरीव असूनही ज्यांच्यासाठी ते मांडले जाते त्या अर्जदारांना ते बहुधा निकाल हाती पडेपर्यंत कळलेले नसते. प्रस्तुत ग्रंथाचा विषय हे गणित, त्याचा इतिहास आणि त्यात भरल्या जाणाऱ्या आकड्यांची विश्वासार्हता हा आहे.

माणसाच्या मृत्यूबद्दल दिवाणी भरपाई मागता येते ही कल्पनाच फार जुनी नाही. न्यायनिवाड्यांतून घडत गेलेल्या इंग्लंडच्या कायद्यात १८०८ सालच्या बेकर विरुद्ध बोल्टन या खटल्यात लॉर्ड एलनबरो यांनी असे ठरवले होते, की माणसाचा मृत्यू हे दिवाणी न्यायालयात दाद मागण्याजोगे नुकसान नव्हे. याचा परिणाम असा, की ज्याने माणूस जायबंदी केला त्याला भरपाई द्यावी लागे आणि ज्याने जिवे मारला तो दिवाणी दायित्वातून मोकळा सुटे. रेल्वेचे जाळे पसरले, अपघाती मृत्यू वाढले आणि ही विसंगती असह्य झाली, तेव्हा १८४६ मध्ये लॉर्ड कॅम्पबेल यांच्या नावाने ओळखला जाणारा कायदा इंग्लंडात झाला. त्याच धर्तीवर भारतात १८५५ चा प्राणांतिक अपघात कायदा आला. पत्नी, पती, आईवडील आणि मुले एवढ्यांनाच त्या कायद्याने हक्क दिला आणि मृतावर प्रत्यक्ष अवलंबून असलेल्या धाकट्या भावंडांना त्यात स्थान नव्हते. पुढे १९८७ मध्ये रमणभाई प्रभातभाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मोटार वाहन कायद्यातील ‘कायदेशीर प्रतिनिधी’ ही संज्ञा १८५५ च्या यादीपेक्षा व्यापक असल्याचे सांगून भावाचा दावा मान्य केला. भारतीय कुटुंबाची घडण न्यायालयाने ओळखली, असे या निकालाबद्दल म्हणता येते.

मोटार वाहनांचा स्वतंत्र कायदा १९३९ मध्ये झाला. त्याने त्रयस्थ व्यक्तीच्या जोखमीचा विमा, म्हणजे बोलीभाषेतला ‘थर्ड पार्टी’ विमा, बंधनकारक केला आणि १९५६ च्या दुरुस्तीने दिवाणी न्यायालयांऐवजी खास न्यायाधिकरणे नेमण्याची सोय केली. कोर्ट फीच्या आणि दिवाणी प्रक्रियेच्या ओझ्यातून कुटुंबांची सुटका व्हावी, हा त्यामागचा हेतू होता. तरीही चालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करण्याचा भार अर्जदारावर होताच, आणि धडक देऊन पळालेल्या ट्रकपुढे किंवा एकही साक्षीदार नसलेल्या रात्रीच्या रस्त्यावर तो पेलणे अशक्य होते. म्हणून १९८२ मध्ये कोणाचाही दोष सिद्ध न करता मिळणारी मृत्यूपोटी १५,००० रुपयांची ठराविक रक्कम कायद्यात आली. १९८८ च्या नव्या कायद्याने ही रक्कम २५,००० केली आणि १९९४ च्या दुरुस्तीने ५०,०००. त्याच दुरुस्तीने मिळकत आणि वय यांच्या तक्त्यावरून भरपाई काढणारी दुसरी अनुसूचीही आणली. ती तक्त्यातल्या चुकांमुळे वादग्रस्त ठरली, २०१८ मध्ये बदलली गेली आणि २०१९ च्या दुरुस्तीने कलम १६३-अ सह इतिहासजमा झाली.

या काळातील एक महाराष्ट्रातील प्रकरण कायद्याची व्याप्ती समजण्यासाठी ध्यानात ठेवावे असे आहे. २९ ऑक्टोबर १९८७ च्या पहाटे सातारा जिल्ह्यात राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ४ वर पेट्रोलचा टँकर आणि ट्रक यांची टक्कर होऊन टँकर रस्त्याच्या कडेला उलटला. त्यातून पेट्रोल झिरपत राहिले आणि काही तासांनी स्फोट होऊन तिथे जमलेली माणसे भाजली, काही दगावली. उभ्या, उलटलेल्या, चालू नसलेल्या वाहनामुळे झालेला हा मृत्यू ‘मोटार वाहनाच्या वापरातून’ झाला असे म्हणता येईल काय, हा प्रश्न शिवाजी दयानू पाटील विरुद्ध वत्सला उत्तम मोरे या नावाने सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९९१ मध्ये न्यायालयाने त्याचे होकारार्थी उत्तर दिले. कायद्यातला ‘वापर’ हा शब्द इतका रुंद धरला गेला म्हणूनच आज बिघडून उभ्या असलेल्या वाहनाशी संबंधित दावेही ऐकले जातात.

आता आकारणीकडे वळता येईल. गेलेल्या माणसाने पुढे किती वर्षे किती कमावले असते हे कोणालाच ठाऊक नसते. तरी रक्कम एकरकमी आणि आजच द्यायची असते. या पेचातून इंग्लिश न्यायालयांनी दोन पद्धती काढल्या. १९५१ च्या नान्स खटल्यातील पद्धतीत मृताच्या उरलेल्या अपेक्षित वर्षांनी कुटुंबाच्या वार्षिक आधाराला गुणून, मग एकरकमी देण्याबद्दल आणि आयुष्याच्या अनिश्चिततेबद्दल त्यातून काही भाग वजा करतात. किती वजा करायचे हे मात्र न्यायाधीशाच्या अंदाजावर राहते. त्याआधीच्या, १९४२ च्या डेव्हिस खटल्यातील पद्धतीत वार्षिक आधार हे गुण्य आणि वयानुसार ठरलेला आकडा हा गुणक मानून दोहोंचा गुणाकार करतात. अनिश्चितता आणि एकरकमी देण्याचा फायदा हे दोन्ही गुणकातच सामावलेले असतात. भारतात दोन्ही पद्धती बराच काळ शेजारी शेजारी नांदल्या आणि एकाच जिल्ह्यात सारख्याच वयाच्या, सारख्याच मिळकतीच्या माणसांच्या वारसांना निरनिराळ्या रकमा मिळत राहिल्या. केरळ राज्य परिवहन महामंडळ विरुद्ध सुसम्मा थॉमस या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने गुणक पद्धतीच्या बाजूने स्पष्ट कौल दिला आणि १९९६ च्या त्रिलोकचंद्र प्रकरणात गुणकाची कमाल मर्यादा १६ वरून १८ वर नेली.

गुणक १८ म्हणजे १८ वर्षांचे उत्पन्न नव्हे, हे नवख्या वाचकाने आधी समजून घ्यावे. पंचवीस वर्षांच्या माणसाने साठीपर्यंत आणखी ३५ वर्षे कमावले असते. परंतु हाती येणारी रक्कम ठेवीत गुंतवली जाईल, तिच्यावर व्याज मिळेल आणि दरवर्षी व्याज व मुद्दल यांतून घरखर्च भागवत ती रक्कम आधाराची गरज संपेल तेव्हा संपावी, असे हे गृहीतक आहे. म्हणून व्याजदर हा या गणिताचा न दिसणारा कणा आहे. दरवर्षी एक लाख रुपये ३० वर्षे मिळत राहावेत यासाठी १० टक्के व्याजाने सुमारे ९ लाख ४३ हजार रुपये आज पुरेसे होतात, तर ६ टक्क्यांनी सुमारे १३ लाख ७६ हजार लागतात. इंग्लंडमध्ये १९८४ पासून निघणारे ऑग्डेन तक्ते व्याजाच्या निरनिराळ्या दरांसाठी निरनिराळे गुणक देतात आणि दर बदलला की भरपाई बदलते. भारतातील गुणक मात्र ठेवीवरचे व्याज खाली आले किंवा महागाई वर गेली तरी जागचे हलत नाहीत. या स्थिर तक्त्याचा फेरविचार व्हावा, अशी या ग्रंथाची भूमिका आहे.

आजचे भारतीय गणित दोन निकालांवर उभे आहे. १५ एप्रिल २००९ च्या सरला वर्मा निकालाने गुणकांचा एकच तक्ता दिला : १५ ते २५ वयाला १८, २६ ते ३० ला १७, ३१ ते ३५ ला १६, आणि पुढे वय वाढेल तसा घटत साठीच्या आसपास ९ व ७, तर पासष्टीनंतर ५. मृताने स्वतःवर जो खर्च केला असता तो वजा करण्याचे प्रमाणही त्या निकालाने ठरवले. अवलंबित दोन किंवा तीन असतील तर एक तृतीयांश, चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश, सहांहून अधिक असतील तर एक पंचमांश, आणि मृत अविवाहित असेल तर सामान्यतः निम्मे. ३१ ऑक्टोबर २०१७ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने प्रणय सेठी प्रकरणात यात भविष्यातील वाढीची भर घातली. कायम नोकरीतील माणूस चाळिशीच्या आतला असेल तर मिळकतीत ५० टक्के, ४० ते ५० वयाचा असेल तर ३०, ५० ते ६० चा असेल तर १५ टक्के मिळवायचे. स्वयंरोजगार असलेल्यांना किंवा ठराविक पगारावरच्यांना अनुक्रमे ४०, २५ आणि १० टक्के. याशिवाय वारसांकडे येणाऱ्या संपदेच्या हानीपोटी १५,०००, अंत्यसंस्काराच्या खर्चापोटी १५,००० आणि सहवास गमावल्यापोटी ४०,००० रुपये ठरले, आणि दर तीन वर्षांनी त्यांत १० टक्के वाढ करावी असे सांगितले गेले. सहवासाची ही रक्कम आधी केवळ पती किंवा पत्नीला मिळत असे. २०१८ च्या नानूराम प्रकरणापासून मुलांना आईबापाच्या आणि आईबापांना मुलाच्या सहवासाबद्दलही ती मिळू लागली.

हे सारे एका कल्पित उदाहरणात मांडून पाहावे. चौतीस वर्षांचा एक गवंडी दुचाकीवरून कामावर जाताना डंपरच्या धडकेने मरण पावतो. मागे पत्नी, दोन अज्ञान मुले आणि आई. महिन्याची मिळकत १५,००० रुपये धरली तर ४० टक्के वाढीने ती २१,००० होते, चौथा हिस्सा वजा जाऊन १५,७५० उरतात, वर्षाचे १,८९,००० होतात आणि १६ च्या गुणकाने आधाराची हानी ३०,२४,००० रुपये येते. आता न्यायाधिकरणाने लेखी पुराव्याअभावी मिळकत ९,००० च धरली, तर बाकी एकही पायरी न बदलता हाच आकडा १८,१४,४०० वर येतो. फरक १२,०९,६०० रुपयांचा. या कुटुंबापुरते सांगायचे तर महिन्याच्या मिळकतीतला एकेक रुपया शेवटच्या रकमेत २०१ रुपये ६० पैसे होऊन उतरतो. वजावटीचे अपूर्णांक, वाढीची टक्केवारी, गुणक यांवर निकालपत्रांत पानेच्या पाने खर्ची पडली आणि ती आवश्यकही होती, परंतु आज हे तिन्ही जवळपास वादातीत झाल्यावर कुटुंबाचे पारडे वर जाणार की खाली, हे गुण्यावर ठरते, आणि गुण्य म्हणजे काय हे अजूनही त्या कुटुंबाला सिद्ध करावे लागते. प्रस्तुत ग्रंथाचा भर म्हणूनच गुण्यावर आहे.

पगारपत्रक, आयकर विवरण, बँकेचे खाते असलेल्या माणसाच्या वारसांना फारशी अडचण येत नाही. अडचण त्यांची होते ज्यांच्या श्रमाची कुठे नोंदच होत नाही. गवंड्याची हजेरी ठेकेदाराच्या वहीत असते आणि ठेकेदार साक्षीला यायला तयार नसतो, कारण त्याला स्वतःची कागदपत्रे न्यायालयापुढे उघडी करायची नसतात. तो आलाच तर उलटतपासणीत विमा कंपनीचा वकील वहीवर सही कोणाची, पैसे रोख का दिले, इतर मजुरांच्या नोंदी कुठे आहेत, असे विचारतो आणि तीन वर्षे दररोज परांचीवर चढलेल्या माणसाची कमाई संशयास्पद ठरते. सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या रामचंद्रप्पा प्रकरणात मजुराकडून कागदी पुराव्याची अपेक्षा धरू नये असे म्हटले आणि २०२१ च्या चंद्रा प्रकरणात किमान वेतनाचा दर हीच मिळकतीची अंतिम कसोटी नव्हे हेही स्पष्ट केले. तरीही पुरावा नाही म्हटले की किमान वेतनाकडे, किंवा त्याहूनही खालच्या अंदाजाकडे वळण्याची सवय सुटलेली नाही.

ऊसतोडीच्या मजुरीत ही अडचण आणखी गुंतागुंतीची होते. तिथे नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो, हंगामापूर्वी मुकादमाकडून उचल घेतली जाते आणि तोडलेल्या उसाच्या टनांवर ती फिटत जाते. हिशेब मुकादमाच्या वहीत, नाव बहुधा नवऱ्याचे. अशा जोडप्यातील बाई ट्रॅक्टरच्या अपघातात गेली तर तिची मिळकत किती, या प्रश्नाला वहीत उत्तर नाही. आणि एकटा राहिलेला नवरा अर्ध्या कोयत्यावर आल्याने घराची कमाई किती घटली, याचे उत्तर मात्र तांड्यावरचा कोणीही सांगू शकतो. हे उत्तर साक्षीच्या रूपाने न्यायाधिकरणापुढे कसे आणावे, याचा विचार ग्रंथात सविस्तर आला आहे. शेतकऱ्याच्या बाबतीत वेगळाच युक्तिवाद होतो. २००३ च्या जसबीर कौर प्रकरणापासून असे मानले जाते की जमीन वारसांकडे राहतेच, त्यामुळे हानी होते ती देखरेखीची. बागायती आणि मजूर लावून केल्या जाणाऱ्या शेतीला हे लागू पडेलही. परंतु सात-बारावर दोन-तीन एकर कोरडवाहू जमीन असलेल्या घरात मालक हाच नांगर धरणारा, पेरणारा आणि राखण करणारा असतो, आणि त्याच्या मागे जमीन राहिली तरी पीक राहत नाही.

गृहिणीच्या श्रमाचे मोल हा या क्षेत्रातील सर्वांत लक्षणीय प्रवास आहे. १९८९ मध्ये जमशेदपूरला लागलेल्या आगीतून उद्भवलेल्या लता वाधवा प्रकरणात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घरकामाचे मोल महिन्याला ३,००० रुपये धरले. २०१० च्या अरुणकुमार अग्रवाल निकालाने गृहिणीला उत्पन्नहीन मानणाऱ्या दृष्टीवर कठोर टीका केली. आणि ५ जानेवारी २०२१ च्या कीर्ती प्रकरणात गृहिणीच्या मानीव मिळकतीतही भविष्यातील वाढ मिळवावी असे ठरले. त्या निकालात २०१९ च्या राष्ट्रीय कालवापर सर्वेक्षणाचा दाखला आहे : घरच्यांसाठीच्या बिनमोल घरकामात बाई दिवसाला सरासरी २९९ मिनिटे घालवते, पुरुष ९७. लहान मुलांच्या मृत्यूबाबत मात्र अशी स्पष्टता नाही. २०१३ च्या किशन गोपाल प्रकरणात दहा वर्षांच्या मुलाची मानीव वार्षिक मिळकत ३०,००० रुपये धरली गेली, आणि त्या आकड्याचे ओझे पुढचे अनेक दावे वाहत आहेत.

हा विषय आजच महत्त्वाचा का, याचे कारण २०१९ च्या दुरुस्तीत आहे. १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेल्या तरतुदींनुसार दोष सिद्ध न करता मृत्यूपोटी ५ लाख रुपये मिळू शकतात आणि धडक देऊन पळालेल्या अज्ञात वाहनाच्या बाबतीत, जिथे पूर्वी २५,००० मिळत, तिथे आता २ लाख. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत न्यायाधिकरणाला द्यायचा आहे आणि त्यानंतर सविस्तर अहवाल, त्यामुळे पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, विमा पॉलिसी यांसाठी वारसांनी खेटे घालण्याची वेळ येऊ नये अशी रचना आहे. पण याच दुरुस्तीने दोन जोखमीही आणल्या. १९९४ मध्ये काढून टाकलेली सहा महिन्यांची मुदत परत आली, जिच्या वैधतेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे. शिवाय, ५ लाखांची ठराविक रक्कम स्वीकारली की न्यायाधिकरणापुढचा पूर्ण भरपाईचा दावा संपुष्टात येतो. वरच्या उदाहरणातील गवंड्याच्या पत्नीने दिवसकार्य आटोपताच हाती आलेल्या कागदावर सही केली, तर तिने सोडलेली रक्कम मिळालेल्या रकमेच्या पाचपट असू शकते. ही निवड समजून-उमजून व्हावी, एवढ्या एका कारणासाठीही मराठीत असा ग्रंथ हवा होता.

ग्रंथाची रचना वकिलांच्या टीकाग्रंथांसारखी नाही. कलमांच्या क्रमाऐवजी दाव्याच्या क्रमाने तो जातो : अपघातानंतरच्या पहिल्या आठवड्यात जपून ठेवायचे कागद, कोण अर्ज करू शकतो, मिळकत कशी शाबीत करावी, मृताचाही काही दोष असल्यास रक्कम कशी कमी होते, परवाना नसलेल्या चालकामुळे विमा कंपनी जबाबदारी नाकारते तेव्हा काय होते, आयुर्विम्याची रक्कम भरपाईतून वजा होत नाही हे १९९८ च्या हेलन रिबेलो निकालाने कसे ठरले, आणि मंजूर रकमेची वाटणी पत्नी, मुले व आईवडील यांच्यात कशी होते. या शेवटच्या भागाला मुद्दाम जास्त पाने दिली आहेत. अज्ञान मुलांचा हिस्सा राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश सर्वसाधारणपणे होतो, पण शिक्षणासाठी किंवा आजारपणासाठी ती ठेव मुदतीपूर्वी मोडण्याचा अर्ज करता येतो हे अनेक मातांना माहीत नसते, आणि सासर-माहेरच्या ओढाताणीत विधवेचा स्वतःचा हिस्सा दुसऱ्याच्या हाती जातो. जायबंदी झालेल्यांच्या भरपाईचे गणित स्वतंत्र असून ते या ग्रंथात घेतलेले नाही. कामगार भरपाईच्या १९२३ च्या कायद्याचा विचारही फक्त दोन मार्गांपैकी एक निवडावा लागतो त्या टप्प्यापुरता केला आहे. परिशिष्टात न्यायाधिकरणात दाखल करायच्या अर्जाचा आणि मिळकतीबाबतच्या प्रतिज्ञापत्राचा मराठी नमुना दिला आहे. तो भरताना मृताच्या कामाचे वर्णन, त्याचे दर आणि त्याला ओळखणाऱ्या सहकाऱ्यांची नावे आधी लिहावीत, रकमेचा रकाना सर्वांत शेवटी भरावा.